दोघींची गोष्ट कोणाच्या डोळ्यांनी सांगणार?

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडते, म्हणजे पुढे वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. तुम्ही नागपूरचे, पंचविशीतले, लघुपट केलेले. आता पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट करायचा आहे. अकरावीतल्या दोन मुली, शाळेपासूनच्या जिवलग मैत्रिणी, आणि त्यातली एक दुसरीच्या प्रेमात पडते. गोष्ट तुमच्या शाळेतल्या एका मैत्रिणीनं तुम्हाला विश्वासानं सांगितलेली, तिच्याच आयुष्यातली. पैसे थोडे, निर्माता नाही. तुम्ही चार गोष्टी विचारल्या आहेत: खऱ्या सोळा वर्षांच्या मुली घ्याव्यात का, चुंबन दाखवावं का, सेन्सॉर काय म्हणेल आणि शेवट कसा करावा.

मी नागपुरात बरीच वर्षं तरुण नटांसोबत काम करते. आधी नाटक, मग कास्टिंग, कार्यशाळा, आणि कमी पैशांत होणाऱ्या चित्रपटांत नटांची तयारी. त्यामुळे माझं उत्तर नटांच्या बाजूनं झुकलेलं असेल, ते तसं धरूनच वाचा.

तुमच्या चारही प्रश्नांच्या आधी एक पाचवा आहे आणि तो तुम्ही विचारलेला नाही. ही गोष्ट कोण बघतंय? तुम्ही मुलगा आहात, तुम्हाला ही गोष्ट मागाहून कळली, तीही ऐकून. म्हणजे त्या दोघींच्या खोलीत तुम्ही नव्हता. हे ठरलं की चुंबन, कॅमेरा, शेवट हे प्रश्न निम्मे सुटतात. न ठरवता पुढे गेलात तर चांगले नट आणि चांगला कॅमेरा घेऊनही चित्रपट दारात उभा राहून आत डोकावत राहील.

मराठीला हा विषय नवा नाही. विजय तेंडुलकरांचं ‘मित्राची गोष्ट’ १९८० च्या दशकाच्या सुरुवातीलाच रंगमंचावर आलं. त्यातली नायिका मित्रा दुसऱ्या मुलीवर प्रेम करते, आणि तिची गोष्ट आपल्याला सांगतो तो बापू, तिचा मित्र. तेंडुलकरांनी तो बापू लपवला नाही. त्याचं तिच्यात गुंतणं, त्याला तिचं पूर्ण न कळणं, हे सगळं नाटकात आहे. तुमच्यापुढे तोच एक रस्ता आहे. मुलगा पात्र म्हणून ठेवा आणि त्याला काय दिसतं, काय दिसत नाही, ते प्रामाणिकपणे दाखवा. दुसरा रस्ता थेट त्या मुलीच्या आत जाण्याचा. तो धरायचा असेल तर एकट्यानं लिहू नका. सहलेखिका घ्या, शक्यतो हा अनुभव स्वतः घेतलेली, तिला मानधन द्या आणि श्रेयनामावलीत तिचं नाव तुमच्या शेजारी ठेवा. ‘लिहून झाल्यावर कोणाला तरी दाखवून घेतो’ हे सहलेखन नव्हे. तुम्ही पाठवलेला सारांश वाचून मला दुसरा रस्ता योग्य वाटतो, कारण त्यात मुलाला करायला काहीच नाही, तो फक्त कोपऱ्यात उभा आहे.

आता त्या मैत्रिणीबद्दल. तिनं तुम्हाला सांगितलं ते मित्र म्हणून, दिग्दर्शक म्हणून नाही. नागपूर पसरलेलं मोठं असलं तरी ओळखीपाळखीनं फार लहान आहे. धरमपेठेतला क्लास, अमुक साल, वडील अमुक खात्यात, एवढं पडद्यावर आलं की बॅचमधले चार जण नावं जोडून मोकळे होतात. ६ सप्टेंबर २०१८ ला सर्वोच्च न्यायालयानं कलम ३७७ मधून प्रौढांचे परस्परसंमतीचे संबंध गुन्ह्याबाहेर काढले. पण न्यायालयाचा निकाल घरातल्या जेवणाच्या टेबलापर्यंत पोचायला फार वेळ लागतो. ती घरी बोलली आहे का, तिला बोलायचं आहे का, हे तुम्हाला माहीत हवं. पटकथेचा पहिला खर्डा इतर कोणाच्याही आधी तिला द्या. मोहल्ला, शाळा, घरच्यांचा व्यवसाय आणि ज्या एका प्रसंगावरून ती ओळखू येईल तो प्रसंग बदला. ती नको म्हणाली तर थांबा, हे मी अजिबात आडपडदा न ठेवता सांगते. तिच्या गोष्टीशिवायही तुम्हाला चित्रपट लिहिता येईल. आणि नागपुरात सारथी ट्रस्टसारखी संस्था एलजीबीटी समाजासोबत काम करते. तिथल्या लोकांकडे वेळ मागा, पटकथा वाचून दाखवा. ते तुम्हाला ‘हे असं होत नाही’ म्हणतील ती वाक्यं सगळ्यात जास्त उपयोगाची ठरतील.

आता गोष्टीच्या गाभ्याकडे. तुमच्या सारांशात पहिल्या पंधरा मिनिटांतच घरचे संशय घेतात, शेजारीण कुजबुजते, मामा ओरडतो. हे मला पटत नाही, आणि त्याचं कारण आपल्या शहरातच आहे. मुलगा आणि मुलगी फुटाळा तलावावर दहा मिनिटं बसले तर कोणीतरी ओळखीचं बघतं. दोन मुली मात्र एकाच स्कूटीवर अंबाझरीपर्यंत जातात, एकमेकींच्या घरी ‘अभ्यासाला’ राहतात, एका ताटात तर्री पोहे खातात, वेणी घालून देतात, आणि आई कौतुकानं म्हणते, ‘दोघी बहिणीसारख्या आहेत.’ आपल्याकडे मैत्रीला केवढी मोकळीक आहे! तुमच्या नायिकेची अडचण बाहेरून येत नाही, ती या मोकळिकीतूनच येते. सगळं करायला परवानगी आहे, फक्त त्याचा अर्थ बदललाय आणि तो एकटीलाच कळलाय. तिनं तोंड उघडलं तर प्रेमच जाईल असं नाही. मैत्रीण जाईल, तिचं घर जाईल, तिच्या आईच्या हातचे पोहे जातील, शाळेपासूनचा सगळा काळ जाईल. किंमत ही आहे. म्हणून मैत्री आधी पूर्ण उभी करा, इतकी की प्रेमाचा धागा काढून टाकला तरी पहिला अर्धा तास बघावासा वाटेल.

दोघींना तोडायला खलनायक लागतच नाही. अकरावीच्या क्लासमध्ये टेस्टच्या मार्कांवर बॅच बदलते. एक वरच्या बॅचला गेली की एकीची वेळ सकाळी साडेसहा, दुसरीची दुपारी तीन. एवढ्यानं दोन मुलींचं रोजचं भेटणं संपतं, आणि घरी कोणाला त्यात दुःख दिसत नाही, उलट पेढे वाटले जातात. अशा जागा शोधा. शेजारणीच्या कुजबुजीपेक्षा त्या कितीतरी खऱ्या आहेत.

संवादांबद्दल एकच सांगते. तुमच्या दोघी पुस्तकी मराठीत बोलतात. नागपूरची ही पोरं घरी मराठी, मैत्रिणींत हिंदी आणि क्लासमध्ये तिसरंच काहीतरी बोलतात. ‘आई, मी जाऊन राहिली’ म्हणून दार ओढलं की जिन्यातच ‘यार, कितना टाइम लगाती है’ सुरू. हे तसंच ठेवा. एखाद्या रात्री दोघी आपोआप मराठीत बोलायला लागल्या तर प्रेक्षकाला जवळीक वाढल्याचं वेगळं सांगावं लागणार नाही.

आता नट. खऱ्या सोळा वर्षांच्या मुली घेऊ नका. ‘वय खरं असलं की अभिनय खरा येतो’ हे तुमचं म्हणणं मी समजू शकते, आणि साध्या मैत्रीपटात मीही कदाचित तसंच म्हटलं असतं. इथं नाही. सोळाव्या वर्षी मुलगी दिग्दर्शकाला ‘नाही’ म्हणू शकत नाही, आणि प्रदर्शनानंतर शाळेत, वस्तीत काय होईल याचा अंदाज तिलाही नसतो, तिच्या पालकांनाही नसतो. अठरा ते वीसच्या, चेहऱ्यानं लहान दिसणाऱ्या मुली आपल्या महाविद्यालयांच्या एकांकिका गटांत भरपूर मिळतात. कायद्यानं त्यांना पालकांची सही लागत नाही, तरी घरी जा, बसा, पटकथा सांगा. त्या मुली त्याच घरात राहतात आणि चित्रपट झाल्यावरही राहणार आहेत.

धाकटा भाऊ, शेजारची मुलं अशा छोट्या भूमिकांत चौदाच्या आतलं मूल असेल तर बालकामगार कायद्याचे २०१७ मध्ये सुधारलेले नियम लागू होतात. जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी, दिवसाला पाच तासांहून जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून जास्त नाही, सलग २७ दिवसांहून जास्त नाही, आणि मानधनातला किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत. कमी पैशांच्या चित्रपटात हे कागद सगळ्यात आधी टाळले जातात. तुम्ही टाळू नका.

चुंबनाचं काय, हा तुमचा दुसरा प्रश्न. पात्रं अठराच्या आतली आहेत हे क्षणभरही विसरू नका. पॉक्सो कायद्यात २०१९ च्या दुरुस्तीनं आलेली व्याख्या, मूल असल्याचा भास देणाऱ्या लैंगिक चित्रणापर्यंतही पोचते. नट प्रौढ आहेत म्हणून काहीही चालेल असं समजू नका, पटकथा वकिलाला वाचायला द्या. पण कायदा बाजूला ठेवला तरी माझं मत तेच आहे. या गोष्टीला शरीर दाखवण्याची गरज नाही. पहिल्या प्रेमात सगळी धडधड आधीच्या क्षणांत असते. इयरफोनची एकच जोडी, आणि गाणं संपलं तरी दोघीही तो काढत नाहीत. कॅमेरा बोलणारीवर न ठेवता ऐकणारीवर ठेवा. ती काय लपवतेय ते तिच्या चेहऱ्यावरच दिसतं.

साधा हात धरण्याचा प्रसंगही तयारीनं करा. माझी पद्धत अशी: पहिले आठ-दहा दिवस प्रेमाचं एकही दृश्य वाचायचं नाही. दोघींनी एकत्र कामं करायची. इतवारीत जाऊन घासाघीस करून कापड आणायचं, एकीनं दुसरीला स्कूटी शिकवायची, दोघींनी मिळून स्वयंपाक करून सगळ्यांना वाढायचं. मैत्रीतली खरी जवळीक अशा कामांत तयार होते. कोण आधी चिडतं, कोण पिशवी उचलतं, हे सगळं नंतर कॅमेऱ्यापुढे आपोआप येतं. त्यानंतर स्पर्शाची दृश्यं. प्रत्येक वेळी आधी बोलून ठरवायचं: हात कुठे, किती वेळ, काय नको. ठरलेलं कागदावर लिहायचं आणि करारनाम्याला जोडायचं. इंटिमसी कोऑर्डिनेटर, म्हणजे जवळिकीच्या दृश्यांत नटांच्या मर्यादा सांभाळणारा माणूस, परवडला तर उत्तम. नाही परवडला तर युनिटमधल्या एका अनुभवी बाईला हे काम द्या. ती तुमची साहाय्यक नसावी, आणि तिनं ‘थांबा’ म्हटलं की तुम्हीही थांबायचं. त्या दिवशी सेटवर मोजकी माणसं, मोबाइल बाहेर, पडद्यामागचं चित्रीकरण बंद.

इथपर्यंतचं एका दमात सांगायचं तर: मैत्रिणीची परवानगी, सहलेखिका, मैत्रीवर उभी पटकथा, अठरा पूर्ण झालेले नट आणि लेखी मर्यादा. हे पाचही असेल तर पुढचं बोलू.

पैसे कुठे घालायचे? कॅमेऱ्यात नाही, आवाजात. तुमची गोष्ट एप्रिल-मे मधली आहे. २०१३ च्या मे महिन्यात नागपुरात ४७.९ अंश नोंदले गेले, म्हणजे उन्हाळा इथं नुसती पार्श्वभूमी म्हणून येत नाही, सगळ्या घराचं वेळापत्रक तोच ठरवतो. दुपारी रस्ते ओस, खिडक्यांना पडदे, वाळ्याच्या ताट्यांचा वास, आणि रात्री सगळं घर एकाच हॉलमध्ये कूलरपुढे गाद्या टाकून झोपलेलं. या घरात तुमच्या नायिकेला खासगी जागा कुठे आहे? कूलरच्या आवाजात आहे. तो घरघरत असतो तोवर दोघी गादीवर कुजबुजू शकतात, दोन हातांवर झोपलेल्या आजीला ऐकू जात नाही. मग लाइट जाते. कूलर थांबतो, पंखा थांबतो, आणि अर्धं वाक्य तोंडातच राहतं. तुमच्या सारांशात ज्या रात्री ती बोलायचं ठरवते, ती रात्र मला अशी दिसते.

पण हेच चित्रीकरणात सगळ्यात अवघड आहे. चालू कूलरपुढे सिंक साउंड, म्हणजे चित्रीकरणातच घेतलेला स्वच्छ संवाद, मिळत नाही. कूलर बंद ठेवून संवाद घ्या आणि कूलरचा आवाज नंतर वेगळा ध्वनिमुद्रित करा: जवळून, दुसऱ्या खोलीतून, पाणी संपत आल्यावरचा कोरडा आवाज, बंद होताना मंदावत जाणारं पातं. मात्र नटांना चालू कूलरच्या वरताण कुजबुजायची सवय आधी लावा. शांत खोलीत माणूस वेगळं कुजबुजतो, आणि मिक्सिंगमध्ये ते लगेच उघडं पडतं. स्वतंत्र चित्रपटांत मी ही चूक पुन्हा पुन्हा ऐकते. बूम, म्हणजे काठीवरचा माइक, धरणारा माणूस अनुभवी घ्या, कपड्यांना लावायचे दोन लेपल माइक भाड्यानं घ्या, आणि कॅमेरा मित्राचा असला तरी चालेल.

मे दाखवायला मे मध्येच चित्रीकरण करा असं नाही. फेब्रुवारीच्या शेवटी आणि मार्चमध्ये दुपारचं ऊन पुरेसं पांढरं असतं, आणि माणसं आजारी पडत नाहीत. पण तेव्हा शहराबाहेर पळस फुललेला असतो, तो चौकटीत आला तर महिना लगेच कळतो. घरातली दृश्यं तेव्हा उरका, रिकाम्या रस्त्यांची दोन-चार दृश्यं छोट्या युनिटनं मे मध्ये सकाळी घ्या. फुटाळ्यावर ड्रोन उडवायचा विचार सोडून द्या, शेजारीच वायुसेनेच्या मेंटेनन्स कमांडचा परिसर आहे. जमिनीवरच्या परवानग्यांसाठी राज्याची एक खिडकी योजना आहे, तरी संबंधित पोलीस ठाण्यात स्वतः जाऊन भेटा.

तुम्ही पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी निघणारी, मोठे पुतळे नेऊन जाळण्याची मारबतीची मिरवणूक शेवटी ठेवली आहे आणि पुतळा जळताना दोघी मुक्त होतात असं लिहिलंय. मारबत ठेवा, हा अर्थ काढून टाका. ‘इडा पीडा घेऊन जा गे मारबत’ या आरोळीला समाजाच्या पूर्वग्रहाचं प्रतीक जोडणं नागपूरच्या लेखकाला फार पटकन सुचतं, म्हणूनच ते टाळावं. मिरवणुकीत तुमच्या कामाची गोष्ट वेगळीच आहे: गर्दी. महाल-इतवारीच्या त्या रेटारेटीत दोघींनी हात धरणं ही गरजच असते, कोणी बघत नाही. गर्दी विरळ होते तेव्हा कोणाचा हात आधी सुटतो? पोळा पावसाळ्यात येतो, म्हणजे उन्हाळ्यातल्या त्या रात्रीनंतर तीन-चार महिन्यांनी. तेवढ्या काळात काय बदललं हे त्या हातांवरून कळेल. एक छोटा कॅमेरा, दोन नट, दोन माणसं, एवढंच घेऊन जा, आणि अनोळखी मुलांचे चेहरे जवळून घेऊ नका.

शेवटाबद्दल माझं मत ठाम आहे: मुलीला मारू नका. ‘मित्राची गोष्ट’ मृत्यूपाशी संपली, तिच्या काळात कदाचित तोच खरा शेवट होता. आज हा चित्रपट बघायला एखादी सोळा वर्षांची मुलगी आईशेजारी बसलेली असेल. तिला पुन्हा तोच दरवाजा दाखवायचा नाही. शिवाय गोष्ट म्हणूनही ते आळशीपणाचं आहे, कारण मेलेल्या पात्राला पुढचा सोमवार जगावा लागत नाही. तुमच्या नायिकेनं सोमवारी क्लासला जायला हवं, मैत्रीण दोन बाकं पुढे बसलेली असताना. सगळं गोड करायचीही गरज नाही. दुसरीला तसं वाटत नसेल, किंवा वाटत असूनही धीर नसेल, हे तुमच्या दोन पात्रांवर अवलंबून आहे, ते मी ठरवू शकत नाही. पण बोलल्यानंतरचं आयुष्य दाखवा, निदान वीस मिनिटं. त्या वीस मिनिटांत मैत्रीचं काय होतं हाच तुमचा चित्रपट आहे.

सेन्सॉरबद्दल लोक घाबरवतात तेवढं घाबरू नका, पण आशेवरही राहू नका. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए, म्हणजे मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली बघायच्या चित्रपटांच्या, प्रमाणपत्राचे ७, १३ आणि १६ वर्षांपुढचे असे तीन भाग झालेत. मी सांगितलं तसा चित्रपट केलात तर यूए १६+ मागण्याचा तुमचा पाया भक्कम राहील. मिळेल की नाही, ते चित्रपट पाहणाऱ्या समितीवर अवलंबून. प्रौढांसाठीचं प्रमाणपत्र मिळालं तर ज्या वयाच्या मुलांसाठी तुम्ही हा करताय तीच चित्रपटगृहाबाहेर राहतील, म्हणून कापाकापीची चर्चा करताना हे डोक्यात ठेवा. सेन्सॉरचा निर्णय पुन्हा तपासणाऱ्या पुनरीक्षण समितीनंतर पूर्वी अपिलासाठी न्यायाधिकरण होतं, ते २०२१ मध्ये बंद झालं. आता थेट उच्च न्यायालय, आणि तो खर्च तुम्हाला परवडणारा नाही.

महोत्सवांचा मार्ग वेगळा आहे, तिथे प्रमाणपत्रातून सूट मिळू शकते. मुंबईचा एलजीबीटी चित्रपटांचा महोत्सव कशिश २०१० पासून सुरू आहे, पुण्याचा आंतरराष्ट्रीय महोत्सव पिफ आहे, गोव्यातल्या फिल्म बाजारात अपूर्ण चित्रपटही दाखवता येतो. आणि कोणी ‘मराठीत हे चालत नाही’ म्हणालं तर रोहन कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ला २०२५ मध्ये अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात जागतिक चित्रपट विभागाचं सर्वोच्च ज्यूरी पारितोषिक मिळालं, एवढंच सांगा. मराठी भाषा, गावातलं घर, दोन पुरुषांमधलं प्रेम.

करारनाम्यातली एक ओळ मात्र आजच लिहून ठेवा. पोस्टर, टीझर आणि समाजमाध्यमांवरच्या तुकड्यांत दोघींच्या जवळिकीचं कोणतंही चित्र त्यांच्या लेखी होकाराशिवाय वापरायचं नाही, आणि वितरक आला तरी ही अट त्यालाही लागू राहील. दोन तासांचा चित्रपट शंभर लोक बघतात, आणि त्यातली दहा सेकंदं व्हॉट्सॲपवर अख्ख्या वस्तीत फिरतात. त्या वस्तीतून रोज कॉलेजला जायचं असतं ते त्या दोन मुलींना.